पिकअप शेडातला मुराळी

उचलणे? एवढंच? बस? — न्हाई, सर, तुमी शिकलेली माणसं, शेवाळगावच्या पोरांना इंग्रजी शिकवता, तुमच्या तोंडाला तोंड देणार न्हाई मी. माझी शाळा तिसरीत संपली, ती बी निम्मी. पर 'पिकअप म्हणजे उचलणे' हे काय पटंना बगा. आत्ता फोनवर काय म्हणलात तुमी? मी ऐकत नव्हतो, ऐकू आलं — कान तेवढे शाबूत हायत माझे, बाकीचं समदं गेलंय. 'मी फाट्यावर थांबतो, मला पिकअप करा' म्हणलात. मग तुमचा दोस्त काय तुमाला सिमेंटच्या पोत्यावाणी उचलून गाडीवर टाकणार हाय व्हय? न्हाई ना? मग उचलणे कामून म्हणता? बसा, बसा, इकडं सरका. त्या टोकाला शेळ्या बसतात, फरशी वंगाळ झालीय. मी पाच दिसापासून बसून राहिलो हितं, मला ह्या शेडाचं समदं ठावं झालंय — ऊन कवा आत येतं, गळतं कुठं, कुणी थुंकून ठेवलंय. वर भिंतीवर वाचलं का? मी वाचतो. सावकाश वाचतो, पर वाचतो. 'पिकअप शेड, शेवाळगाव फाटा.' गावाचं नाव बोटभर न् खाली पुढाऱ्याचं नाव हातभर. पहिल्या दिवशी मला वाटलं, हे पिकअप गाड्या उभ्या करायचं शेड असंल. खरंच. माझा पोरगा भागवत, त्याची पिकअप हाय — पांढरी, मागून उघडी, टमाटे न्हेतो निजामाबादला. ती गाडी बी पिकअप न् हे शेड बी पिकअप. आन त्या गाडीला चढाला पिकअप न्हाई म्हणून भागवत बोंबलत असतो. पाऊस पडला, सोयाबीननं पिकअप घेतली. उन्हाळ्यात माझी म्हातारी, चतुराबाई, खाटंवर पडली तर डॉक्टर म्हणला, आता पिकअप घेईल तब्येत — घेतली बी. आता सोयाबीन कोण उचलतंय? म्हातारीला कुणी उचललं? सांगा की. तुमी त्या पुस्तकातलं एकच सांगता, आन हितं आमी त्या एका शब्दावर निम्मा जिल्हा चालवून राहिलो.

आसं? — शिकून घेणं ह्याला बी पिकअपच म्हणतात? पुस्तक न उघडता, उगं ऐकून ऐकून भाषा येती, ते? मग हे आधी सांगायचं की, सर! हे तर माझ्या लेकीनं केलंय. उज्वलानं. आमचं गाव तिकडं नायगावाकडं, आमच्या घरात कन्नडाचा गंध न्हाई, आन हिला दिली हितं शेवाळगावात, गुंडप्पाच्या घरी — हाव, तोच, मारुतीच्या देवळामागचा, हिरवा दरवाजा — त्या घरात चुलीपासून गोठ्यापर्यंत समदं कन्नड. सासू मीठ मागायची न् ही पाणी न्यायची, समदे हासायचे. सहा महिन्यात शिकली. कुणी शिकवलं म्हणता? म्हशीनं. म्हशीसंग बोलायची म्हणे गोठ्यात — म्हैस चुकलं तरी हासत न्हाई. पहिल्या नागपंचमीला घरी आली तर झोपेत बी कन्नड. 'ब्याडा, ब्याडा' म्हणायची. आई म्हणली, काय गं बोलतीस? तर म्हणली काय न्हाई. मी हासलो. मी म्हणलो, ब्याडा म्हणजे तिकडची मिठाई असंल, हिला आठवण येती. लई हासलो आमी. परवा हितं एक कन्नड म्हातारी बसली व्हती गाडीची वाट बघत, तिला इचारलं, बाई, ब्याडा म्हणजे काय हो? तर म्हणली — नको. ब्याडा म्हणजे नको. — सात वरसं झाली, सर. सात वरसांनी कळलं मला. तुमच्या इंग्रजीत हे बी पिकअपच का? इतक्या उशिरा केलेलं?

राहू द्या. फोनचं राहिलंच की. फोन पिकअप करणं, ते तर समद्यात वंगाळ. 'आप्पा, ताई पिकअप करंना' म्हणतो भागवत, जशी काय ताई म्हणजे त्याची गाडी. करंना, हे खरं हाय पर. चार दिस झाले. सकाळी हितं उतरलो की लावतो, दुपारी लावतो, जायच्या टायमाला लावतो. वाजतो. बंद नसतो, वाजतो — पुरा, शेवटपर्यंत — आन मग ती बाई बोलती तिचं ठरलेलं, न् मी त्या बाईला शिव्या देतो. तिचा काय गुन्हा? काय न्हाई. पर कुणाला तरी द्याव्या लागतात.

गावात कामून जात न्हाई? एकच किलोमीटर? — सर, अंतर मला सांगू नका. तुमचं लग्न झालंय? न्हाई. दिसतंयच. मग मुराळी म्हणजे काय ते तुमाला ठावं नसंल. लेकीला सणाला सासरहून आणाया जातो तो मुराळी. भाऊ जातो, भाऊ नसला की बाप. लेक आपली आपण येत नसती — रस्ता ठावं असला तरी न्हाई, गाडी दारावरून जात असली तरी न्हाई. कुणीतरी जावं लागतं न्याया. खरं पिकअप म्हणाल तर हे. आपण ओट्यावर बसायचं, पाय धुवायचे, च्या घ्यायचा, व्याह्याबरोबर उगं पावसापाण्याचं बोलायचं — आन कान आत. आत लेक पिशवी भरत असती. पिशवीच्या चैनीचा आवाज आला, सर्रर, की समजायचं निघाली. एक पिशवी, बगा. सणाला येणारी लेक एका पिशवीत येती. हे ध्यानात ठेवा, तुमाला बी होतील लेकी.

गेलतो की! श्रावणाच्या पाडव्याला, पहिल्याच दिवशी सकाळी गेलतो. न जायला काय झालं? गुंडप्पानं पाणी दिलं, च्या दिला, आत हाक मारली — अगं, तुझा बाप आलाय. आत भांडी घासल्याचा आवाज येत व्हता. तो थांबला. मी म्हणलो आता चैन वाजंल. काय न्हाई. काय बी न्हाई वाजलं. लई येळ बसलो. मग पुन्हा भांडी घासल्याचा आवाज चालू झाला. गुंडप्पा म्हणला, 'शेषेराव, ओढून तर काढता येत न्हाई. यायचं असलं की ती फाट्यावर येती की — रस्ता ठावं हाय तिला,' — आन हासला. जावाई, व्यंकटी, अंगणात फटफटी पुसत व्हता, त्यानं मान बी वर केली न्हाई. त्या हासण्यात काय व्हतं ते मला कळलं न् त्याला बी कळलं. म्हणून बसून राहिलो हितं. ती यायची तर हितंच येईल. सकाळच्या पहिल्या गाडीनं येतो, शेवटच्या गाडीनं जातो. आज पंचमी, पाचवा दिस. ह्या पिशवीत काय हाय बगा — दिंडं हायत पुरणाची, आज आमच्यात तवा ठेवत न्हाईत, इळीनं चिरत न्हाईत, समदं उकडायचं. लाह्या हायत. खण हाय. म्हातारीनं रोज नवीन बांधून दिलं, रोज मी गाडीत खाऊन टाकलं न् सांगितलं, दिलं तिला, खाल्लं तिनं. आज न्हाई खाणार. भागवतानं अंगणातल्या लिंबाला झोका बांधलाय. घरात लहान लेकरू एक न्हाई, पर बांधलाय. त्याला वाटतं बहीण येणार. मी सांगून ठेवलंय ना, पंचमीला आणतो म्हणून.

तर्रास? — हाव. हाय तर्रास. व्यंकटीचा हात चालतो. चालतो म्हणजे — आता तुमाला काय सांगायचं. तीनदा भागवत घेऊन आला तिला न् तीनदा मीच परत आणून घातली. ते शाळेच्या गाडीवर लिहिलेलं असतंय की, पिकअप आन ड्रॉप. पिकअप भागवतचा, ड्रॉप माझा. मला समजावून सांगता येतं म्हणून. काय सांगायचो? घरोघर असतंय. तो रागीट हाय, मनानं वाईट न्हाई. लेकरू झालं की सुधरंल. एकदा मनगट सुजलेलं, बांगड्या निघंनात, आईनं साबण लावून काढल्या एकेक. तिसऱ्या दिवशी ड्रॉप. गाडीत माझ्या शेजारी बसलेली, खिडकीकडं तोंड करून, न् मी तिला भुईमुगाच्या शेंगा घेऊन दिल्या. शेंगा! मला वाटलं, बाप म्हणून लई केलं मी.

मग अमावस्येच्या आदल्या दिवशी तिनं फोन केला. रडली न्हाई. रडली असती तर बरं व्हतं, रडणं मला ओळखीचं हाय. ती म्हणली, 'आप्पा, उद्या सकाळच्या गाडीनं या, मी फाट्यावर शेडात उभी राहते, घरी येऊ नका.' मी म्हणलो, उद्या अमावस्या, अमावस्येला कुणी लेक आणतं का? तिथनं पाच दिसावर पंचमी हाय, मानानं मुराळी होऊन येतो. ती म्हणली, 'पंचमीपर्यंत न्हाई होणार, आप्पा.' एवढंच. काय न्हाई होणार, ते सांगितलं न्हाई न् मी इचारलं न्हाई. — मग आलो न्हाई. अमावस्या व्हती. आमच्यात अमावस्येला लेक आणत न्हाईत, तुमी कुणाला बी इचारा. मला काय माहीत ती खरंच येऊन बसंल? दिसभर बसली. ह्या फरशीवर. सकाळपासून पाच वाजेपर्यंत, मग व्यंकटी फटफटी घेऊन आला न् घेऊन गेला. आन हंडा कसा न्हेला फटफटीवर कुणाला ठावं, एवढा मोठा, पाय पसरून मांडीत धरला असंल तिनं. तुमची पिशवी ठेवलीत ना, तिथंच ठेवला व्हता तिनं, खांबाला टेकवून, पोच्याची बाजू आत करून —

काय? कसं ठावं म्हणजे? कुणीतरी सांगितलं. — त्या ह्यानं सांगितलं, टपरीवाल्यानं. पानटपरीवाल्यानं.

हाव. हितं टपरी न्हाई. दिसतंय मला बी.

तुमी मास्तर लोक लई वाईट. गप बसता न् माणसाला बोलत ठेवता. — सांगतो. आलतो मी. त्या दिवशी आलतो. म्हातारीनं घराबाहेर काढलं मला पहाटे, म्हणली अमावस्या असू दे न्हाईतर गिऱ्हाण असू दे, लेक बोलावून राहिली तर बापानं जावं. तिकीट फाट्याचं काढलं. शेजारी अण्णाराव येऊन बसला, आमच्या भावकीतला, देगलूरला बैलबाजाराला चाललेला. त्याची न् माझी बांधावरून बोलाचाली बंद व्हती दोन वरसं, त्या दिवशी काय की लई गोड बोलायला लागला. नरसी गेली, पुढं फाटा आला, गाडी हळू झाली, मी पिशवी उचलली, उठलो बी निम्मा — आन खिडकीतून शेड दिसलं. उज्वला उभी व्हती. हिरवं लुगडं. आन तिच्या पायापाशी ट्रंक. आन ट्रंकेशेजारी हंडा.

तुमाला हंड्याचं कळणार न्हाई. तांब्याचा हंडा, लग्नात दिलेला, देगलूरच्या बाजारातून मी स्वतः निवडून घेतला, वाजवून बघून. त्यावर ठिपक्या ठिपक्यानं नाव कोरून घेतलं — 'चि. सौ. कां. उज्वला हिस आईवडिलांकडून.' कोरणारा म्हणला, आईवडील लिहू का बापाचं नाव लिहू? मी म्हणलो आईवडील लिही, दोघं येतात त्यात. टेंपोतून उतरवताना पडला न् काठाला पोचा आला, ते बघून ती लग्नात हासलेली. असा हंडा. सर, पंचमीला लेक येती एका पिशवीत. जी बाई आपल्या नावाचा हंडा घेऊन रस्त्यावर येऊन उभी राहती ती सणाला निघालेली नसती. ती परत जायाची नसती. हे मला कळलं, एका नजरंत कळलं, आन तेच अण्णारावाला बी कळलं. त्यानं मान लांब करून बघितलं न् म्हणला, 'शेषेराव, ही तुमची उज्वला न्हवं का? हंडा घेऊन उभी दिसती.'

मी म्हणलो, न्हाई. माझी न्हाई. दुसरी कुणाची असंल.

एवढंच म्हणलो. तोंडातून गेलं. आन एकदा तसं म्हणल्यावर मग खाली कसं उतरायचं? कंडक्टर म्हणतोय फाटा कुणाचा, फाटा कुणाचा — तिकीट माझ्या मुठीत भिजून गेलंय — मी बसलो खाली. घंटी वाजली. गाडी हालली तसं तिनं मला बघितलं. हात वर केला. असा, पुरा वर, जसं लहानपणी शाळेतून येताना मला शिवारात बघून करायची. मी खाली बघितलं. पिशवीकडं. पिशवीत काय बघायचं व्हतं? काय न्हाई. तिचीच दिंडं — न्हाई, दिंडं आजची, त्या दिवशी भाकरी व्हती. भाकरीकडं बघत बसलो देगलूरपर्यंत. अण्णारावानं बी मग पुढं तोंड केलं. त्याला कळलेलं. तो असा माणूस, उभ्या गावाला सांगत फिरणारा, पर हे त्यानं आजवर एका शब्दानं कुणाला सांगितलं न्हाई. रोज सकाळी मी ह्या गाडीला निघालो की मला 'राम राम शेषेराव' म्हणतो न् खाली बघतो. शिवी दिली असती तर सोसली असती मी.

देगलूरला काय केलं? काय करणार. स्टँडावर बसलो. परतीची गाडी ह्याच रस्त्यानं, ह्याच शेडावरून. चार गाड्या सोडल्या. मग बिलोलीची लागली तिच्यात बसलो, बिलोलीवरून फेर घालून घरी गेलो, अंधार पडता पडता. म्हातारी दारात. म्हणली, कुठं हाय? मी म्हणलो गाडी बंद पडली नरसीला, पोचलोच न्हाई, उद्या जातो. ती म्हणली, अवो, मग पोरीला फोन तर करायचा. — म्हणली ना तसं. पोरगी कुठं हाय, काय हाय, फोन तर करायचा. दुसऱ्या दिवशी पाडव्याला केला. तवापासून वाजतोय. पाच वाजेपर्यंत बसली न् व्यंकटीनं न्हेली, ते गुंडप्पानंच सांगितलं पाडव्याला.

तोंड असं कामून केलं?

काय म्हणलात?

तुमी — त्या दिवशी? अमावस्येला? तुमी हितं व्हता? — नवीनच आलेले तुमी, रुजू व्हायला आलेले... हाव... हाव, हिरवं लुगडं. तीच. बोलली तुमच्यासंग? काय बोलली? सावकाश सांगा. — टाईम इचारला. बरं. — आन?

पुन्हा सांगा.

'माझे आप्पा गाडीत बसलेले दिसले, त्यांना झोप लागली असंल, फाटा चुकला त्यांचा. देगलूरहून माघारी येतील.' — असं म्हणली? झोप लागली म्हणली? मी खाली बघत व्हतो त्याला ती झोप म्हणली? — आन मग देगलूरकडं तोंड करून बसली? दिसभर? तुमी शाळेत रुजू होऊन दुपारी परत गाडीला आलात, तरी तिकडंच तोंड?

आन मी बिलोलीवरून गेलो.

थांबा. थांबा जरा. पाणी हाय का? — न्हाई, नको. — बिलोलीवरून गेलो, सर. ती तिकडं बघत बसली न् मी तिकडूनच न्हाई आलो. एक गाडी जरी, एका जरी गाडीनं आलो असतो. कवा बी. पाच वाजता जरी.

ऐका माझं. तुमचा फोन द्या. असा चोरासारखा बघू नका, पळून कुठं जातो मी, गुडघे बघा माझे. माझा नंबर बघून ती उचलत न्हाई. तुमचा नवा नंबर, तुमचा उचलंल. तुमीच लावा. माझ्या चंचीत चिठ्ठी हाय, थांबा — ही — चुना लागलाय, हा सात हाय, एक न्हाई. लावा. तुमचा दोस्त येईस्तोवर. दोन मिनिटं. मी पाया पडतो तुमच्या — सरका न्हवं, पाय मागं घेऊ नका, पडू द्या, पाच दिसापासून पडायचं राहिलंय कुणाच्या तरी. लावा.

वाजतोय? इकडं द्या, कानाला लावतो. — वाजतोय. तिसऱ्यांदा. — उचलला! सर, उचलला —

'यारू' म्हणली. कन्नडात. कोण म्हणून.

हॅलो. उज्वला. मी हाय. आप्पा. ठेवू नको, ठेवू नको माय, ठेवायचा तर ठेव पर आधी — मी फाट्यावर हाय. शेडात. पाच दिसापासून. — हाव. — हाव, रोज. — आई बरी हाय. झोका बांधलाय भागवतानं. — न्हाई, तसं न्हाई, सणासाठी म्हणत न्हाई मी. ट्रंक घेऊन ये. हंडा घेऊन ये. समदं घेऊन ये. नसंल निघत तर राहू दे समदं, तू एकटी ये. म्हण तर मी येतो दारात, ह्या टायमाला च्या घेत बसणार न्हाई, आत येतो चुलीपर्यंत — काय?

काय म्हणलीस?

सर, ती इचारती — 'आप्पा, त्या दिवशी तुमाला झोप लागली व्हती न्हवं का?'

न्हाई, माय. न्हाई लागली. जागा व्हतो. तू दिसलीस. हात बी दिसला. हंडा बी दिसला. अण्णाराव म्हणला ही तुमची का, तर मी — मी म्हणलो माझी न्हाई. म्हणलो. तोंडानं म्हणलो मी. — उज्वला? — हॅलो? उज्वला? हॅलो —

ठेवला.

घ्या तुमचा फोन. थांबा, घाम लागलाय, चुना बी लागलाय, धोतरानं पुसून देतो. घ्या. — असं बघू नका. हाव म्हणायला काय लागत व्हतं, हेच इचारायचंय ना तुमाला? हाव म्हणलो असतो तर आली असती ती. आत्ता चैन ओढत असती पिशवीची. येऊन बसली असती गाडीत माझ्या शेजारी न् मी पुन्हा शेंगा घेऊन दिल्या असत्या.

तुमचा दोस्त आला बगा. कवापासून हॉर्न वाजवतोय. जा. जा म्हणलं ना, सर. शेवटची गाडी यायला लई टाईम हाय अजून. ही दिंडं न्या वाटलं तर — न्हाई, नको, राहू द्या, ती तिची हायत. आन त्या गावच्या रस्त्याकडं मान वळवून वळवून बघू नका. तिकडं बघायचं काम माझं हाय. निघा.